धागा: मणी कौल, सिद्धेश्वरी देवी आणि आपली मिरज – कलाकारावर फिल्म करायची म्हणजे नक्की काय करायचं?

कृष्णाकाठ (सांगली)

मंडळी, सिनेदिग्दर्शक मणी कौलवर इथं स्वतंत्र धागा दिसला नाही म्हणून काढतोय. त्यांच्या पहिल्या सिनेमाबद्दल, 'उसकी रोटी'बद्दल बोलायचं नाहीये, त्यावर भांडून झालंय सगळ्यांचं. मला बोलायचंय ते त्यांनी कलाकारांवर, लेखकांवर जे सिनेमे केले त्याबद्दल. कोकणातल्या चित्रकथींवर, म्हणजे चित्रं दाखवत गोष्ट सांगणाऱ्यांवर, १९७७ ला केला, हिंदी कवी-लेखक मुक्तिबोधांच्या लिखाणावर १९८० ला 'सतह से उठता आदमी', १९८२ ला ध्रुपद गायकीवर 'ध्रुपद', मग मातीकामावर 'माटी मानस' आणि १९८९ ला 'सिद्धेश्वरी'. हे सगळे एका रांगेत लावून बघितले की कळतं की हा माणूस आयुष्यभर एकाच प्रश्नाच्या मागं होता, की एखाद्याची कला पडद्यावर आणायची तर तिच्याबद्दल बोलायचं की तिच्यासारखं वागायचं.

'सिद्धेश्वरी'चंच घ्या. बनारसच्या ठुमरी गायिका सिद्धेश्वरी देवी. आईवडील लहानपणीच गेले, मावशी राजेश्वरी देवींनी वाढवलं, मावशी स्वतः नावाजलेली गायिका पण या पोरीला शिकवायचं कुणाच्या मनात नव्हतं, पुढं सियाजी महाराजांनी तिला पदरात घेतलं आणि शिकवलं. आता ही गोष्ट कुणाच्याही हातात द्या, काय होईल ते आत्ताच सांगता येतं, मागं उदास बासरी, दाराआडून ऐकणारी लहान मुलगी, मग चारपाच मोठ्या लोकांचे बाईट आणि शेवटी पुरस्कारांची यादी. कौल यातलं जवळपास काहीच करत नाहीत. मिता वशिष्ठ पडद्यावर सिद्धेश्वरी म्हणून वावरते पण ती नक्कल करत नाही, ती त्या जागांमधून फिरते, घाटावर, नावेत, गल्ल्यांत, आणि आपण गाणं ऐकत राहतो. प्रसंग सालाप्रमाणं ओळीनं येत नाहीत. ठुमरीत बाई एकच ओळ घेते आणि तिला दहा अंगांनी वळवते बघा, बोल बनवते, तसं सिनेमा एकेका गोष्टीकडं पुन्हा पुन्हा येतो, दरवेळी वेगळ्या बाजूनं. शेवटाकडं मिता टीव्हीवर खऱ्या सिद्धेश्वरींना गाताना बघते, आणि आपण दोघींनाही बघत असतो. तोपर्यंत जे काही आपल्या डोक्यात जमलेलं असतं ते त्या जुन्या फुटेजमधल्या चेहऱ्यावर जाऊन बसतं. मला माहितीपटांत यापेक्षा मोठी जागा माहीत नाही.

आता हे इथं का लिहितोय. मिरजेच्या सतारीला आणि तंबोऱ्याला २०२४ मध्ये जीआय, म्हणजे भौगोलिक मानांकन मिळालं. तेव्हापासून सतारमेकर गल्लीत कॅमेरे येतात, मी त्या भागात असतो म्हणून दिसतं. भोपळ्यांच्या रांगेचा एक शॉट, वरून ड्रोन, "किती पिढ्यांपासून करताय?" "सरकारकडून काय अपेक्षा?" आणि निघाले. तंबोरा बोलायला लागतो तो क्षण कुणी घेतच नाही. त्याला वेळ लागतो हो, आणि तेवढा वेळ कुणाला द्यायचा नाहीये. माझं म्हणणं एवढंच की कलाकारावरची फिल्म त्याच्या कामाच्या चालीनं चालली पाहिजे, नाहीतर ती त्याच्या नावाची पाटी होते फक्त. तुम्हाला काय वाटतं, आणि असं काही आपल्या भागात करता येईल का?


शाळामास्तर_तासगाव

धागा चांगला आहे, पण मी दुसऱ्या बाजूनं लिहिणार आहे.

आमच्या पिढीनं माहितीपट बघितले ते थिएटरात, मुख्य पिक्चरच्या आधी फिल्म्स डिव्हिजनची रीळ लागायची तेव्हा. धरणं, पूर, पंचवार्षिक योजना. पण त्याच संस्थेनं चांगली कामंही केली हे विसरू नये, तुमचा 'सिद्धेश्वरी'सुद्धा तिथलाच आहे. मी तो बघितलाय. सुंदर आहे, फ्रेम न् फ्रेम सुंदर आहे, पण बघून उठलो तेव्हा त्या बाई कधी जन्मल्या, कुणाकडून काय शिकल्या, त्यांच्या गाण्यात दुसऱ्यांपेक्षा वेगळं काय होतं, यातलं मला काही सांगता आलं नसतं. तुम्ही वर जी मावशीची आणि सियाजी महाराजांची गोष्ट लिहिलीत ती तुम्हाला आधीपासून माहीत होती म्हणून तुम्हाला सिनेमा उघडला. ज्याला माहीत नाही त्यानं काय करायचं? मी आयुष्यभर खेड्यातल्या पोरांना शिकवलंय, त्यांच्यासाठी दार कुठनं उघडायचं हा माझा पहिला प्रश्न असतो.

मला विचाराल तर सत्यजित रायांचा 'द इनर आय' बघा, १९७२ चा, वीसेक मिनिटांचा. तो चित्रकार विनोदबिहारी मुखर्जींवर आहे, ते शांतिनिकेतनात रायांचे शिक्षक होते. जन्मापासून नजर अधू, एका डोळ्यानं तर दिसतच नव्हतं, आणि तरी हा माणूस चित्रकार झाला, हिंदी भवनाच्या भिंतींवर कबीर, सूरदास, तुलसीदास असे सगळे संत काढले त्यांनी. पुढं मोतीबिंदूच्या ऑपरेशननंतर उरलेलीही नजर गेली, तरी काम थांबलं नाही, कागद कापून चित्रं केली, टाइल्सचं मोठं भित्तिचित्र केलं. राय स्वतःच्या आवाजात हे सगळं सरळ सांगतात, जन्म, शिक्षण, काम, आंधळेपण, सगळं क्रमानं. रडवायला जात नाहीत. आणि शेवटी निखिल बॅनर्जींची सतार आहे, तिथं मात्र बोलणं बंद. माहिती पण मिळते आणि माणूस पण भेटतो. वीस मिनिटांत हे होत असेल तर दीड तास माणसाला धुक्यात का फिरवायचं?


कृष्णाकाठ (सांगली)

मास्तर, 'इनर आय'बद्दल एका शब्दाचाही वाद नाही, मी कितीही वेळा बघू शकतो. पण तो तरी का जमलाय बघा ना. त्यात विनोदबिहारी बोटांनी चाचपत काम करताना दिसतात आणि राय तिथं घाई करत नाहीत. आधीची जी माहिती दिलीय ती त्या हातापाशी आपल्याला नेऊन सोडण्यासाठी आहे. म्हणजे चाल कामाचीच झाली की. शिवाय राय त्यांच्याकडे शिकले होते, शिष्यानं गुरूवर फिल्म करणं आणि पाहुण्यानं येऊन करणं यात फरक पडतोच. कौलचंही तेच, ते डागर बंधूंकडे ध्रुपद शिकत होते, नुसते शूटिंगपुरते गेले नव्हते.


षड्ज_मिरज

बऱ्याच दिवसांनी इथं लिहितेय. कृष्णाकाठ दादा, 'ध्रुपद'चा उल्लेख केलात म्हणून राहवलं नाही.

मी किराणा गायकी शिकले, ध्रुपद माझं नाही, तरी तो सिनेमा बघताना पहिल्यांदा वाटलं की कॅमेऱ्यामागच्या माणसाला आलाप म्हणजे काय ते कळतंय. झिया मोहिउद्दीन डागर रुद्रवीणा वाजवतात, झिया फरीदुद्दीन डागर गातात, जुन्या दगडी वास्तूंमध्ये, आणि शॉट कापतच नाहीत. आपल्याला इतकी सवय झालीय की सूर लागला की लगेच श्रोत्यांची मान डोलताना दाखवायची, मग तबलजीचा हात, मग परत गवई. इथं तसं काही नाही. सूर लागतो तो लागलेला राहतो, तुम्ही त्याच्याबरोबर थांबता. मग शेवटचा तो लांबच लांब शॉट, मुंबईच्या छपरांवरनं जाणारा, आतापर्यंत जे किल्ल्यावाड्यांत ऐकलं ते अचानक आपल्या आजच्या वस्तीवर पसरतं. मास्तर, त्यात माहिती थोडीच आहे, पण माझ्या विद्यार्थिनींना मी तो दाखवला तेव्हा त्यांना आलापाबद्दल जे समजलं ते मला बोलून समजावता आलं नव्हतं.

आता मिरजेचं. दादा म्हणतात तो क्षण म्हणजे जवारी. ज्यांना माहीत नाही त्यांच्यासाठी लिहिते. तंबोऱ्याची घोडी असते ना, जिच्यावरून तारा जातात, ती वरून सपाट दिसते पण तिला अगदी बारीक उतार असतो. तार त्या उतारावर घसटत वाजते म्हणून तो भरलेला, लांबणारा आवाज येतो, एकाच तारेतनं वरचे सूर आपोआप ऐकू यायला लागतात. कारागीर कानस घेऊन घोडी घासतो, तार चढवतो, छेडतो, ऐकतो, तार बाजूला करतो, परत घासतो. किंचित जास्त घासली तर गेली, परत पहिल्यापासून. मग तारेखाली सुताचा दोरा घालून तो केसभर पुढं-मागं करायचा, आणि एका जागी आवाज उघडतो. हे मोजायचं यंत्र नाही, कान हेच माप. कितीतरी कारागीर स्वतः गात नाहीत पण त्यांच्या कानासारखा कान भल्या गवयांना नसतो. मी माझा तंबोरा घेऊन जाते तेव्हा शेजारी बसून हे बघते, तास कसा जातो कळत नाही. यावर फिल्म करायची आणि तो घासण्या-ऐकण्याचा वेळ कापून टाकायचा म्हणजे मग उरलं काय?


टेक_टू_कराड

मी फिल्मचं शिकतोय, सध्या घरी कराडला आहे. धागा वाचून खूप भारी वाटलं कारण आमच्या वयाच्या कुणाशी हे बोलता येत नाही.

मला 'सतह से उठता आदमी'बद्दल लिहायचंय कारण वर गायक आणि कारागीर आले, पण विचार करणाऱ्या माणसाचं काय? गाणाऱ्याचं गाणं ऐकू येतं, चित्रकाराचा हात दिसतो. मुक्तिबोधांसारखा माणूस टेबलाशी बसून लिहितो, त्यात दाखवणार काय? (मुक्तिबोध घरात मराठी, धाकटे भाऊ शरच्चंद्र मराठीत कवी आणि हे हिंदीत, हे आपल्याकडं कितीजणांना माहीत असतं?) कौलनी त्यांचं चरित्र घेतलंच नाही. त्यांचं लिखाण घेतलं, त्यातली माणसं घेतली, ती बोलतात, चालतात, कारखाना येतो, रिकाम्या खोल्या येतात. एक वाक्य ऐकायला येतं आणि त्यानंतर त्या वाक्यावर विचार करायला जागा ठेवलेली असते. मला सगळं समजलं असा दावा नाही करत, पण एखाद्याचं डोकं कसं चालत असेल ते अंगावर आल्यासारखं वाटलं.

आपल्या जिल्ह्यात वाई आहे. मराठी विश्वकोशाचे प्रमुख संपादक तर्कतीर्थ लक्ष्मणशास्त्री जोशी, ते जिथं घडले ती प्राज्ञपाठशाळा, आणि तो विश्वकोश. १९७६ ला पहिला खंड आला. समजा आज कुणी विश्वकोशावर किंवा तर्कतीर्थांवर फिल्म करायला घेतली तर सगळे पुतळा, फोटो, घाट आणि मान्यवर घेणार. मला वाटतं एक नोंद घ्यावी, एकच नोंद, ती कशी लिहिली जाते, कोण तपासतं, कशावरून वाद होतो, कुठला शब्द ठेवायचा आणि कुठला काढायचा, प्रुफावर पेन कसं फिरतं. एका नोंदीच्या मागं किती माणसं वाकून बसलेली असतात ते दिसलं तर तर्कतीर्थांनी आयुष्यभर काय केलं ते दिसेल. संस्कृत पाठशाळेत घडलेला माणूस आधुनिक ज्ञानाचा कोश मराठीत उभा करतो ही केवढी मोठी गोष्ट आहे, आणि आपण तिच्या शेजारनं महाबळेश्वरला जातो.


औंधकर

+१ टेक_टू. आणि औंध पण धरा. भवानी संग्रहालयात राजा रविवर्म्याची चित्रं आहेत, हेन्री मूरचं दगडी शिल्प आहे, माणदेशाच्या कडेच्या त्या टेकडीवर. लोक येतात, देवीला जातात, संग्रहालयातनं भराभर चालत बाहेर. औंधचे बाळासाहेब पंतप्रतिनिधी स्वतः चित्रकार होते, राजा असून. अशा माणसावर काम व्हायला पाहिजे, पण त्यांच्या चित्रांसमोर कॅमेरा लावून थांबणारं कुणीतरी पाहिजे. गजाननबुवा जोशींच्या घरानं सांभाळलेला संगीत महोत्सव आहे तोही तसाच, मंचाच्या पुढनं सगळे शूट करतात, मागं तंबोरे लावत बसलेली पोरं कुणी बघत नाही.


शाळामास्तर_तासगाव

षड्जताई, तुमचं जवारीचं वर्णन वाचून मीच मिरजेला निघायच्या तयारीत आहे. इतकं स्पष्ट कुणी सांगितलं नव्हतं.

पण एक गोष्ट मला बोचते आणि ती मी ठामपणे मांडतो. अशा संथ, सुंदर फिल्ममध्ये हात दिसतात, कानस दिसते, उन्हात वाळणारे भोपळे दिसतात, आणि माणसाचं नाव कुठंच येत नाही. गवयाचं नाव सगळ्यांना माहीत, तंबोरा करणाराचं कुणाला नाही. हे शतकभराहून जास्त चाललंय. मिरजेतली पहिली घराणी शिकलगारांची, तलवारी-हत्यारांना धार लावणारी माणसं, संस्थानांच्या लढाया संपल्यावर त्यांनी ही कला हातात घेतली, फरीदसाहेबांचं नाव आपण घेतो. पण त्यांच्यानंतरच्या कारागिरांची? कलाकृती म्हणून त्यांचे हात घ्यायचे आणि नाव-गाव-शिक्षण घ्यायचं नाही, हे मला मान्य नाही. भोपळा कुठनं येतो, पंढरपूरकडचा शेतकरी तो कसा जपतो, लाकूड महाग झालंय का, पोरं हा धंदा करतात का, इलेक्ट्रॉनिक तंबोऱ्यानं किती ऑर्डरी गेल्या, हे विचारणं म्हणजे बाजारूपणा नाही हो. ही त्यांच्या पोटाची गोष्ट आहे. तुमच्या चिंतनात त्याला जागा पाहिजे.


कृष्णाकाठ (सांगली)

मास्तर, हे पटलं, पूर्ण पटलं. नाव पाहिजेच, आणि शेवटी भराभर सरकणाऱ्या पाटीत नको, काम चालू असताना त्याच्या स्वतःच्या तोंडून पाहिजे. भोपळ्याचं आणि लाकडाचं बोलणंही तो घासता घासताच बोलतो, आपण मुद्दाम खुर्चीत बसवून लाइट मारून विचारलं की मग भाषण सुरू होतं. हात चालू असताना माणूस खरं बोलतो हे मी त्या गल्लीत कायम बघत आलोय.

फक्त एक धास्ती वाटते. आपल्याकडं दुःखाची फिल्म लगेच होते. "लोप पावत चाललेली कला" असं नाव दिलं की झालं काम, बघणारा हळहळतो आणि विसरतो. जो कारागीर आज सकाळी उत्तम तंबोरा करून ग्राहकाच्या हातात देतोय त्याला आपण जिवंतपणी श्रद्धांजली वाहायची का? तो आत्ता काय करतोय ते दाखवू ना, भरल्या हातांनी.


षड्ज_मिरज

दादा हे फार महत्त्वाचं बोललात.

याच्या जोडीला अजून एक. किराणा घराण्याचे गायक अब्दुल करीम खाँसाहेबांचं उदाहरण देते. १९३७ ला मद्रासकडच्या प्रवासात गेले, दफन मिरजेत, मीरासाहेब दर्ग्यात, आणि दरवर्षी त्यांच्या नावानं तिथं गाणं होतं. त्यांच्या शेवटच्या रात्रीची गोष्ट आम्हाला प्रत्येक गुरूनं सांगितलीय, आडवाटेच्या स्टेशनवर उतरले, तंबोरा लावून घेतला, गायले आणि गेले. कुणीही फिल्म करायला घेतली तर सगळ्यात आधी हाच सीन लिहील, स्टेशन, कंदील, पांढरी दाढी लावलेला नट. मला वाटतं तो सीन करूच नये. 'सिद्धेश्वरी'त मिता वशिष्ठ जशी गायिका 'बनत' नाही तसंच ठेवावं. खाँसाहेबांच्या तीन-तीन मिनिटांच्या जुन्या ध्वनिमुद्रिका आहेत, त्यातला सूर आजही ऐकताना अंगावर काटा येतो, त्या ऐकणारी आजची माणसं दाखवा, दर्ग्यात रात्री गायला बसलेली विशीतली मुलगी दाखवा, ती आधी तंबोरा लावतेय तेवढा वेळ पूर्ण दाखवा. आधी पंचमाची तार, मग जोडीच्या तारा, मग खरजाची. खाँसाहेब त्यात असतील.

आणि मास्तर, ती मुलगी जो तंबोरा लावतेय तो कुणी केला त्याचं नाव तिला विचारा. माझ्या विद्यार्थिनींना मी पाठ करायला लावते.


टेक_टू_कराड

ताई हे वाचून मी वहीत उतरवून घेतलं.

करायचंच असेल तर माझ्याकडं कॅमेरा आहे, साधाच आहे पण चालेल. खरा प्रॉब्लेम आवाजाचा येणार. जवारीचा बदल इतका बारीक असतो की कॅमेऱ्याच्या माइकवर तो आधी आणि नंतर सारखाच वाटेल, आणि गल्लीत गाड्या, हॉर्न, शेजारी रंधा चालू. चांगला माइक तबलीच्या, म्हणजे भोपळ्यावरच्या लाकडी पाटीच्या जवळ, आणि एक कारागिराच्या कानाच्या उंचीवर, असे दोन लावले तर तो जे ऐकतो ते आपल्याला ऐकू येईल असं वाटतं. मागचं संगीत अजिबात नको. गल्लीचा आवाज मात्र ठेवायचा, तो त्यांच्या कामाचाच भाग आहे, एवढ्या गलक्यात ते तो सूर शोधतात हेच तर कमाल आहे.

शॉटचं म्हणाल तर घोडी, हात आणि चेहरा एका फ्रेममध्ये बसतील अशी जागा शोधायची आणि तिथून हलायचं नाही. क्लोजअप घेतला की हात माणसापासून तुटतो, मास्तर म्हणतात ते तिथंच सुरू होतं. एका तंबोऱ्याची जवारी पहिल्या कानशीपासून शेवटपर्यंत, न कापता. तो जितका वेळ घेईल तितकी फिल्म. मेमरी कार्डं मी जास्तीची आणतो.


शाळामास्तर_तासगाव

न कापता असेल तर मी बघीन, पूर्ण बघीन. पण सुरुवातीला दोन मिनिटं साध्या मराठीत सांगा की घोडी कशाला म्हणतात आणि तो कशाची वाट बघतोय. षड्जताईंनी वर लिहिलंय तसंच, त्यांच्याच आवाजात घ्या. मग माझी शाळेतली पोरंही शेवटपर्यंत बसतील, त्याची जबाबदारी माझी.


षड्ज_मिरज

आनंदानं सांगीन. आणि माझाच तंबोरा घ्या, त्याची जवारी बसलीय, बोलत नाहीये सध्या, द्यायचाच होता. ज्यांच्याकडं देते त्या चाचांना मी आधी जाऊन विचारते, शूटिंगचं त्यांना चालत असेल तरच. पावसाळी हवेत जवारी नीट लागत नाही असं ते म्हणतात, त्यामुळं हवा कोरडी झाल्यावर, दिवाळीनंतर ठरवूया.


कृष्णाकाठ (सांगली)

ठरलं मग. ताई, चाचांशी बोलून इथंच कळवा. मोबदल्याचंही त्यांना विचारा, त्यांचा दिवस जाणार आहे, तो आपण सगळ्यांनी मिळून द्यायचा. टेक_टू, माइकसाठी सांगलीत नाटकवाल्या मित्रांकडं विचारतो. औंधकर, तुम्ही संग्रहालयात शूटिंगची परवानगी कशी मिळते ते बघून ठेवाल का, म्हणजे हे झालं की पुढचं तिकडं घेता येईल.